वडिलांचा शेअर, मुलाचे मत

विकास सोसायटीची निवडणूक लागली की आपल्या खानदेशात, मग ते रावेर-यावलकडचे केळीचे गाव असो की साक्री-शिंदखेड्याकडचे कोरडवाहू, पंधरा दिवस दुसरा विषय नसतो. पॅनेल पडतात, जुनी भाऊबंदकी जागी होते, आणि निकाल लागला की हरलेली बाजू म्हणते, “आता कोर्टात बघू.” वाचकहो, या “कोर्टात बघू”बद्दलच आज थोडे सांगायचे आहे. कोर्टात बघण्यासारखे जे असते ते बहुतेक वेळा निकालाच्या कितीतरी आधी हातातून गेलेले असते.

कसे ते पाहा. वडील सोसायटीचे सभासद होते, ते वारले. सात-बाऱ्यावर वारस लागले, तलाठ्याकडचे काम झाले, घरच्यांना वाटले सगळे मार्गी लागले. पण सोसायटीचा शेअर सात-बाऱ्यामागोमाग आपोआप येत नाही. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम ३० प्रमाणे मयत सभासदाचा हिस्सा त्याने नेमलेल्या माणसाकडे, आणि कोणी नेमला नसेल तर वारसाकडे जातो. पण त्यासाठी सोसायटीकडे अर्ज करून सभासद व्हावे लागते. तोवर वहीत वडिलांचेच नाव. मयताला मत नाही, मुलाचे नाव नाही, म्हणजे घराचे मतच गेले. पती वारलेल्या बाईच्या बाबतीत तर हे हटकून घडते. संचालक मंडळात स्त्रियांसाठी दोन जागा राखीव असतात, पण उभे राहायला ती आधी सभासद हवी. पुढाऱ्यांना हे आठवते ते अर्ज भरायच्या आदल्या रात्री!

एका मताने काय होते, असे कोणी म्हणू नये. सोसायटीच्या संचालकांचे मत पुढे बाजार समितीपर्यंत जाते. एप्रिल २०२३ मध्ये बाजार समित्यांच्या निवडणुका झाल्या, तेव्हा सोसायटी मतदारसंघातले मतदार हे संचालकच होते. जिल्हा बँकेच्या निवडणुकीत सोसायटीचा ठराव ज्याच्या नावाचा, तो मत देतो. पीककर्ज वेळेवर मिळणे न मिळणे या साखळीत असते.

निवडणुकीआधी कच्ची मतदार यादी फलकावर लागते व हरकतींसाठी मुदत दिलेली असते. हे दिवस महत्त्वाचे. नाव गळाले असेल, मयताचे राहिले असेल, आडनाव चुकले असेल, तर हरकत लेखी द्यावी आणि पोच घ्यावी. तोंडी सांगितलेले हवेत जाते.

यादी पक्की झाली, कार्यक्रम सुरू झाला, की मग न्यायालये सहसा निवडणूक थांबवत नाहीत. संत सद्गुरू जनार्दन स्वामी सहकारी दूध उत्पादक संस्थेचे प्रकरण मतदार यादीच्याच तक्रारीवरून थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. २००१ मध्ये निकाल लागला. यादी करणे हा निवडणुकीच्याच प्रक्रियेचा भाग आहे, प्रक्रिया एकदा सुरू झाल्यावर यादीत दोष असला तरी उच्च न्यायालयाने ती मध्येच अडवू नये, तक्रार असेल त्याने निकालानंतर निवडणूक अर्ज करावा, असे न्यायालयाने सांगितले. आता निकालानंतर दाद मागायची म्हणजे समोरचे लोक खुर्चीवर बसलेले असतात. मंडळाची मुदत पाच वर्षांची. दावा आणि अपील एवढी वर्षे सहज खातात. एस.टी.ची भाडी आणि वकिलाची फी भरता भरता पुढची निवडणूक दारात येते.

उमेदवारी अर्ज बाद झाला तर कलम १५२-अ प्रमाणे तीन दिवसांत अपील करता येते व ते दहा दिवसांत निकाली काढायचे असते. मात्र समोरच्याचा अर्ज चुकीने मंजूर झाला तर त्यावर हे अपील नाही. समजा तो थकबाकीदार आहे; थकबाकीदाराला संचालक होता येत नाही. तरीही छाननीच्या वेळी लेखी हरकत घेऊन ठेवायची आणि निकालापर्यंत थांबायचे. त्या हरकतीची प्रत पुढे दाव्यात उपयोगी पडते. मतमोजणीचेही तसेच. फेरमोजणी हवी तर निकाल जाहीर होण्याआधी, तिथल्या तिथे, कारणे लिहून मागावी. गुलाल उडाल्यावर आठवून उपयोग नाही.

दावा करायचाच ठरला तर तो सहकार न्यायालयात, कलम ९१ खाली. तालुक्याच्या दिवाणी कोर्टात जाऊ नका. तिथे हा विषय चालत नाही आणि मुदत मात्र निघून जाते. निकालाच्या तारखेपासून महिना उलटू देऊ नये. जुनी माणसे अजून “नाशिकला कमिशनरकडे जाऊ” म्हणतात. जिल्हा बँक, साखर कारखाना अशा मोठ्या संस्थांसाठी पूर्वी तसे होते खरे. २०१३ मध्ये कायदा बदलला, ते प्रकरण वगळले गेले आणि निवडणुका घेण्यासाठी राज्य सहकारी निवडणूक प्राधिकरण आले. आणि न्यायालय विचारते ते एवढेच की या चुकीमुळे निकालात फरक पडला का? चाळीस मतांनी हरलेल्याने दोन मयतांची मते दाखवली, तर मते खोटी ठरूनही निकाल तसाच राहू शकतो. हे वकिलाकडे जाण्याआधी घरीच बोटांवर मोजून पाहावे.

आज निवडणूक नसली तरी एक काम करून ठेवा. कलम ३२ प्रमाणे सभासदांची नोंदवही कोणाही सभासदाला कार्यालयाच्या वेळेत फुकट पाहता येते. घरात जो सभासद असेल त्याने शेअरची पावती घेऊन जावे, आपले नाव व खाते क्रमांक ताडून पाहावा, आणि वारस नेमलेला नसेल तर तो अर्ज तिथेच भरावा. गटसचिवाकडे बरेचदा दोन-तीन गावे असतात; तो आपल्या गावात कोणत्या वारी येतो, ते आधी विचारून घ्या.