टाऊन हॉलमधला व्यापारी

मुंबईच्या टाऊन हॉलच्या पायऱ्या सिनेमांमुळे सगळ्यांच्या ओळखीच्या झाल्या आहेत. पायऱ्या चढून आत जाणारे मात्र थोडे. आत संगमरवरी पुतळे आहेत, आणि त्यांतले तीन फ्रान्सिस चँट्री या एकाच इंग्रज शिल्पकाराच्या हातचे. तिन्ही पुतळे स्कॉटलंडच्या माणसांचे. एल्फिन्स्टन आणि माल्कम मुंबईचे गव्हर्नर होते. तिसऱ्याकडे, चार्ल्स फोर्ब्सकडे, कुठलंही सरकारी पद नव्हतं. तो व्यापारी होता.

ॲबर्डीनशायरमधल्या एका पाद्र्याचा हा मुलगा. जन्म 1774 चा. शिक्षण आटोपून कोवळ्या वयातच तो मुंबईत आला आणि वीस-बावीस वर्षं इथेच राहिला. त्याच्याच घराण्यातल्या जॉन फोर्ब्सने 1767 मध्ये इथे पेढी घातली होती. ती पुढे चार्ल्सच्या हाती आली. मुख्य माल कापूस. आज जिथे हॉर्निमन सर्कलची बाग आहे, तिथे तेव्हा उघडं मैदान होतं आणि त्यावर कापसाच्या गाठींच्या थप्प्या लागत. गुजरातेतून आलेला हा कापूस मुंबईच्या धक्क्यावरून चीनला जाई. गिरण्या अजून कुणाच्या स्वप्नातही नव्हत्या. लालबाग-परळचा भोंगा वाजायला अर्धं शतक अवकाश होता.

अशा पेढ्या कापसाबरोबर पैशांचाही व्यवहार करत. कंपनी सरकारचा मुंबईचा खजिना कायम खडखडीत, म्हणून सरकार फोर्ब्स आणि ब्रूस फॉसेटसारख्या पेढ्यांच्या दारी कर्जाला जाई. 1803 ला शिंदे-भोसल्यांशी युद्ध पेटलं, असईची लढाई झाली, त्या काळात मुंबई सरकारला हाच आधार होता. मराठी माणसाने ही गोष्ट नजरेआड करू नये. आपली सत्ता तलवारीइतकीच हुंडीनेही गेली.

पुढचा भाग मात्र मला फार मोलाचा वाटतो. 1811 च्या सुमारास फोर्ब्स मायदेशी परतला आणि 1812 मध्ये बेव्हर्लीतून पार्लमेंटात गेला. पुढे 1818 ते 1832 तो माम्सबरीचा सभासद होता. हिंदुस्थानात पैसा करून लंडनमध्ये जागा मिळवणारे तेव्हा पुष्कळ होते. बहुतेकांनी मागे वळून पाहिलं नाही. फोर्ब्स पक्का टोरी, म्हणजे पुराणमतवादी, तरीही पार्लमेंटात आणि कंपनीच्या भागधारकांच्या सभेत तो हिंदुस्थानच्या लोकांना न्याय द्या म्हणून सतत भांडत राहिला. इथल्या लोकांनाही त्याची जाण होती. तो मुंबई सोडून गेल्याला पाव शतक उलटल्यावर इथल्या लोकांनी वर्गणी काढून त्याचा पुतळा करवून घेतला. इतक्या वर्षांपूर्वी गेलेल्या माणसासाठी कोणी तोंडदेखली वर्गणी देत नाही.

म्हणून त्याला नुसता लुटारू म्हणणं मला पटत नाही, आणि नुसता हितचिंतक म्हणणंही. त्याचा पैसाही खरा होता आणि त्याची कळकळही. मला बोचतं ते दुसरंच. आपली गाऱ्हाणी मांडायला आपल्याला लंडनमध्ये एक स्कॉटिश व्यापारी लागला, कारण इथे आपल्याला बोलायला जागाच नव्हती. ती मिळायला 1862 उजाडावं लागलं. त्या वर्षी मुंबईच्या कायदे कौन्सिलात नाना शंकरशेट बसले. तेही व्यापारी घराण्यातले, गिरगावात वाढलेले. त्यांचाही पुतळा याच टाऊन हॉलमध्ये आहे.

फोर्ब्स 1849 मध्ये लंडनला वारला. पेढी टिकली. घटप्रभेवरच्या गोकाकच्या सूतगिरणीचा कारभार पुढे अनेक वर्षं तिच्याकडे होता. पाणी शुद्ध करणाऱ्या यंत्रामुळे घरोघरी पोहोचलेल्या ‘युरेका फोर्ब्स’ या नावातलं ‘फोर्ब्स’ही तिथूनच आलं.

शाळांच्या सहली राणीच्या बागेत, तारांगणात जातात, जाव्यातच. गिरगाव, परळ, दादरच्या शिक्षकांना माझी विनंती आहे, एकदा मुलांना टाऊन हॉलमध्येही न्या. फोर्ब्ससमोर उभं करून त्यांना त्या कर्जांबद्दल सांगा, पार्लमेंटातल्या भाषणांबद्दलही सांगा आणि मग नानांच्या पुतळ्यापाशी घेऊन जा.