ताक, लोणी आणि लिंबाचे स्कोन

बिस्किट भाजतात ते टिकावं म्हणून. त्यातलं पाणी पाच टक्क्यांच्या खाली आणलं की ते महिनोन् महिने कुरकुरीत राहतं, ट्रकमधून देशभर जातं, टपरीवरच्या बरणीत निवांत पडून राहतं. रांजणगावच्या औद्योगिक वसाहतीत हे काम मोठ्या प्रमाणावर चालतं. १८९२ साली कलकत्त्यात सुरू झालेल्या ब्रिटानियाचा मोठा कारखाना इथे आहे आणि आसपासच्या वाड्यावस्त्यांवरच्या कितीतरी घरांत त्या पगारावर महिन्याचा किराणा भरला जातो. त्या कष्टांबद्दल मला आदर आहे. पण आज ज्या पदार्थाबद्दल लिहायचं आहे तो कुठल्याच कारखान्याला आपल्यासाठी करून पाठवता येणार नाही. स्कोन भाजून निघाला की तासाभरात खायचा असतो. संध्याकाळपर्यंत तो घट्ट होतो आणि दुसऱ्या दिवशी त्यात काही राम उरत नाही. म्हणून तो घरीच करायचा.

पुण्यातल्या कॅफेंमध्ये काचेच्या कपाटात ठेवलेले स्कोन पाहून आपल्याकडच्या बायका एक समजूत करून घेतात. हे साहेबी प्रकरण, याला मोठा ओव्हन हवा, क्रीम हवं, परदेशी सामान हवं. मला ही समजूत मनापासून खोडून काढायची आहे. स्कोन हा स्कॉटलंडमधल्या साध्या शेतकरी घरांचा पदार्थ. ओटच्या किंवा जवाच्या पिठाची जाड भाकरी लोखंडी तव्यावर भाजायची आणि तिचे चार तुकडे करायचे, असं त्याचं जुनं रूप. पुढे खाण्याचा सोडा स्वस्त झाला. लोणी काढल्यावर उरलेलं आंबट ताक पिठात घातलं की सोड्याशी त्याची गाठ पडते, हवा सुटते आणि भाकरी फुगते, हे घरोघरी कळलं. म्हणजे ज्या घरात दुभतं आहे, ताक आहे आणि तवा आहे त्या घरचं हे खाणं. शिरूर आणि दौंड तालुक्यांत अशी घरं मोजायला बसलं तर दिवस पुरणार नाही.

सध्या श्रावण चालू आहे आणि या दिवसांत हमखास विचारला जाणारा प्रश्न म्हणजे, यात अंडं असतं का? नसतं. मूळच्या साध्या स्कोनमध्ये पीठ, लोणी, ताक, सोडा आणि चिमूटभर मीठ एवढंच असतं. बेकिंग पावडरची गोष्टही इथे सांगण्यासारखी आहे. बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्ड या औषधविक्रेत्याच्या बायकोला अंडी आणि यीस्ट दोन्ही सोसत नसत. तिला फुगलेला पाव खाता यावा म्हणून त्याने १८४३ मध्ये ही पूड तयार केली. आज आपण केकच्या पिठात सवयीने जो चमचाभर घालतो, तो एका माणसाने घरातल्या माणसाच्या पथ्यासाठी शोधलेला आहे.

पथ्याचा विषय निघाला की मला केडगाव आठवतं. पंडिता रमाबाई १८८३ मध्ये इंग्लंडला गेल्या, वाँटेजच्या ख्रिस्ती भगिनींच्या मठात राहिल्या, पुढे चेल्टनहॅमच्या मुलींच्या कॉलेजात शिकल्या आणि तिथे संस्कृतही शिकवलं. धर्म बदलला, देश बदलला, पण त्यांनी शाकाहार सोडला नाही. दौंड तालुक्यात केडगावला त्यांनी जमीन घेतली ती फळझाडं लावून आपल्या संस्थेला स्वतःचं उत्पन्न मिळावं या विचाराने, आणि १८९६-९७च्या दुष्काळानंतर तिथे मुक्ती सदन उभं राहिलं. परक्या मुलखातून जे घ्यायचं ते आपल्या अटींवर घेतलं, हा त्यांचा बाणा मला फार मोलाचा वाटतो. स्वयंपाकघरातही तो चालतो.

आता सामान. दीड वाटी, दोन वाट्या असं माप इथे नको. गिरणीतून नुकतं आलेलं पीठ भुसभुशीत असतं, डब्यात आठ दिवस बसलेलं दबलेलं असतं, वाटी तीच आणि पीठ वेगळं. छोटा वजनकाटा घ्या. दीडशे ग्रॅम मैदा आणि शंभर ग्रॅम घरचं गव्हाचं पीठ, बारीक चाळणीने कोंडा काढून. नुसत्या गिरणीच्या पिठाचा स्कोन करायला माझी ना नाही, पण जात्याच्या दगडाखाली गव्हातला स्टार्च बराच भरडला जातो. तो पाणी जास्त पितो आणि स्कोन जड होतो. पोळीला हाच गुण उपयोगी पडतो, इथे तो आडवा येतो. त्यात एक चमचा बेकिंग पावडर, अर्धा लहान चमचा सोडा, चिमूटभर मीठ आणि चाळीस ग्रॅम साखर. सोडा याहून वाढवू नका. जास्त झाला की साबणाची चव येते आणि रंग काळपट होतो.

लोणी साठ ग्रॅम. आपल्या भागात संकरित गाईंचं दूध जास्त, आणि गाईचं लोणी म्हशीच्या लोण्यापेक्षा लवकर मऊ पडतं. म्हणून ते थंड पाण्यात दोनदा धुवा, त्यातलं ताक पिळून काढा आणि फ्रीजरमध्ये दगडासारखं होऊ द्या. मग बारीक तुकडे करून बोटांच्या टोकांनी पिठात चोळा. तळहात लावू नका, तो गरम असतो. शंकरपाळ्यांना घालतो तसं कडकडीत तुपाचं मोहन इथे चालत नाही. शंकरपाळ्यात तूप पिठाच्या कणाकणाला लागायला हवं असतं. इथे लोण्याचे हरभऱ्याच्या डाळीएवढे तुकडे पिठात तसेच राहायला हवेत. आच लागली की ते वितळतात, त्यांच्यातल्या पाण्याची वाफ होते आणि आतून पदर सुटतात. या एका कामात घाई केली तर पुढचं काहीच सुधारत नाही.

फळांचं बोलू. तासगावचे मनुके सगळ्यांत उत्तम, पाऊण वाटीभर, कोमट पाण्यात थोडा वेळ भिजवून आणि नीट निथळून. दौंड तालुक्यातल्या खोरचे, पुरंदरचे ताजे अंजीर पिठाला पाणी सोडतात, म्हणून अंजीर घालायचे तर सुके घ्या आणि कात्रीने कापा. लाल-हिरवी टुटीफ्रूटी मात्र मी स्कोनमध्ये घालत नाही आणि तुम्हीही घालू नये असं स्पष्टच सांगते. ती कच्च्या पपईची असते, तिला साखर आणि रंग यापलीकडे स्वतःची चव नाही. ज्या पदार्थात जेमतेम सहा-सात जिन्नस आहेत तिथे बिनचवीच्या जिनसाला जागा देऊ नये.

मग सव्वाशे ते दीडशे मिलिलिटर घट्ट, आंबट, गार ताक एकदम ओता आणि सुरीने किंवा उलथन्याने पीठ गोळा करा. मळायचं नाही. पोळीची कणीक मळून मळून मऊ होते, स्कोनचं पीठ मळलं की वातड होतं. खडबडीत दिसलं तरी तसंच पाटावर घ्या, हाताने थापून बोटाच्या दोन पेरांएवढं जाड ठेवा. काठ धारदार असलेली लहान वाटी पिठात बुडवून सरळ खाली दाबा, फिरवू नका. फिरवली की कडा चिकटून बंद होतात आणि स्कोन एका बाजूला कलतो. वरून थोडं दूध लावा. ओव्हन आधीच दोनशे वीस अंशांवर तापलेला हवा, कारण ताक आणि सोडा एकत्र आल्यापासून हवा सुटायला लागलेली असते, ती आपली वाट पाहत नाही. बारा ते पंधरा मिनिटं पुरतात.

लिंबाचं आता. घोड नदी ओलांडली की श्रीगोंद्याचा लिंबाचा पट्टा लागतो. उन्हाळ्यात एकेक लिंबू मोजून घेणारे आपण, पावसाळ्यात आंबे बहाराचा माल आला की पाटीच्या पाटी पडून राहिलेली पाहतो. शेतकऱ्याला तोडणीचा खर्चही सुटत नाही असे दिवस येतात, आणि त्याच दिवसांत आपण दुकानातून लिंबाच्या कृत्रिम वासाची बाटली आणतो, हे मला सहन होत नाही. कागदी लिंबाची साल पातळ असते, पण सगळा सुगंध तिच्यातच आहे. बारीक किसणीवर वरवरचा हिरवा-पिवळा भाग तेवढा किसा, खालचा पांढरा भाग कडू असतो. हा कीस पिठात घालायच्या साखरेबरोबर आधी बोटांनी चोळा. साखरेचे कण सालीतलं तेल ओढून घेतात आणि अख्ख्या स्वयंपाकघरात वास पसरतो. रस पिठात घालू नका, तो वरच्या थरासाठी ठेवा.

इंग्लंडात स्कोन मधोमध उकलून लोणी आणि जॅम लावून खातात. वर साखरेचा पातळ गोड थर देणं ही अमेरिकी रीत, आणि आपल्या लिंबाला ती फार शोभते. शंभर ग्रॅम पिठीसाखर, घरी दळली असेल तर तिच्यात चमचाभर कॉर्नफ्लोअर, आणि गाळलेला लिंबाचा रस चमच्याचमच्याने, तीन-चार लहान चमचे. चमचा उचलला की जाड धार पडायला हवी. मोसंबीचा रस घेतला तर थर गोड होतो पण लिंबाची धार येत नाही, तेव्हा निम्मं-निम्मं घ्या. गरम स्कोनवर हा थर विरघळून आत मुरतो, म्हणून हाताला सोसेल इतका निवल्यावर ओता. गुळाची पूड वापरून पाहू का, असं अनेकजणी विचारतात. गूळ मलाही प्रिय आहे, पण तो हवेतला ओलावा ओढतो आणि पावसाळ्यात थर वाळतच नाही. साखरेचा थरसुद्धा या दिवसांत पातळच ठेवा.

आता ज्यांच्याकडे ओव्हन नाही त्यांच्यासाठी, आणि खरं तर हे सगळं मी त्यांच्यासाठीच लिहायला घेतलं. वसाहतीतल्या कारखान्यांत कामाला आलेल्या मराठवाड्यातल्या, विदर्भातल्या मुली आमच्या आळीत भाड्याच्या खोल्यांत राहतात. एक शेगडी, एक तवा, दोन पातेली. रात्रपाळीवरून आल्या की चहा आणि बिस्किटाचा पुडा, हेच बहुतेकींचं सकाळचं खाणं. त्यातल्या एकीने मला विचारलं, "ताई, आमच्या तव्यावर केक होईल का हो?" मी तिला स्कोन शिकवला. तोच गोळा, पण अर्ध्या जाडीचा थापायचा, गोल भाकरीएवढा, आणि सुरीने सहा तुकडे करायचे. जाड लोखंडी तवा मंद आचेवर चांगला तापू द्यायचा, त्यावर चिमूटभर पीठ टाकून पाहायचं. ते हळूहळू तांबूस झालं तर आच बरोबर, लगेच करपलं तर जास्त. तुकडे मांडून वर झाकण, सहा-सात मिनिटांनी उलटायचे, पुन्हा तेवढंच, शेवटी कडा तव्याला टेकवून उभे भाजायचे. लोणी नसेल तर गोठवलेलं साजूक तूप थोडं कमी घ्यायचं, ताक नसेल तर दह्यात पाणी.

तिच्या खोलीत आता चौघी मिळून करतात. पीठ आणि लोणी आदल्या संध्याकाळी चोळून डब्यात घालतात, डबा घरमालकिणीच्या फ्रीजमध्ये राहतो. पाळीवरून जी आधी येते ती ताक ओतते आणि तवा ठेवते.