चौथी सीट

‘शहराच्या गर्दीत माणूस एकटा पडतो’ हे वाक्य निबंधात लिहून आपण सर्वांनीच गुण मिळविले आहेत. गेली तीन वर्षे डोंबिवलीहून लोकलने कॉलेजला येताना मला मात्र ते अर्धेच खरे वाटू लागले आहे.

१६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदर ते ठाणे या ३४ किलोमीटरच्या मार्गावर पहिली गाडी धावली. त्याच मार्गावर आज आम्ही मांडीला मांडी लावून बसतो. बाक तिघींचा, तरी चौथी आली की तिघी सरकतात. असा नियम कोणत्याही पाटीवर लिहिलेला नाही. तिचे नाव-गाव कोणी विचारीत नाही. विचारतात ते एवढेच, ‘कुठे उतरणार?’ दोन खोल्यांच्या घरात न मिळणारा एकांत मला या न विचारण्यातच मिळतो.

गेल्या वर्षी इस्पितळात आजीला शेवटचे पाहून परतताना मला रडू आवरेना. शेजारच्या बाई मेथी निवडीत होत्या. त्यांनी मला खिडकीची जागा दिली, पाण्याची बाटली पुढे केली आणि पुन्हा मेथी निवडू लागल्या.

२६ जुलै २००५ च्या प्रलयात सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस झाला. त्या रात्री अडकलेल्या माझ्या मावशीला एका अनोळखी घराने आसरा दिला. त्या घराचे आडनावही तिला आज आठवत नाही; गरम पिठले-भात मात्र आठवतो.

परंतु गेल्या महिन्यात माझ्यासमोर माझ्याच वयाची एक मुलगी रडत होती. मी कानांत इयरफोन घातले, मोबाईलमध्ये डोके खुपसले आणि ‘तिला एकांत देते आहे’ अशी मनाची समजूत घातली. ठाण्याला ती उतरून गेली.

दोष मोबाईलला देणे सोपे आहे. पूर्वी याच कामी वर्तमानपत्र येत असे. मेथीवाल्या बाईंनीही मला एकांतच दिला होता, पण मला पाहून. मी दिला तो नजर चुकवून. एकांत देणे आणि एकटे टाकणे यांत, मला वाटते, एवढेच अंतर आहे.

मित्रमैत्रिणींनो, उद्या गाडीत कोणाशी बोलाच, असे मी म्हणत नाही. फक्त वर पाहा. कदाचित कोणासाठी तरी थोडे सरकावे लागेल.