ओल्या नारळाच्या करंज्या घरीच करा

सुक्या खोबऱ्याची करंजी टिकते, म्हणून ती आता वर्षभर दुकानात मिळते. ओल्या नारळाची मात्र एक-दोन दिवसांतच खराब व्हायला लागते, त्यामुळे ती विकायला ठेवणारे थोडेच. ती खायची तर घरीच करायला हवी. आणि ती जमते, कारण डबे भरायचे नसतात. एका मोठ्या नारळात दहा-बारा होतात, तेवढ्या पुरेत.

पारीसाठी 1 वाटी मैदा, अर्धी वाटी बारीक रवा, चिमूटभर मीठ आणि 2 चमचे कडकडीत तुपाचं मोहन घ्या. पीठ मुठीत दाबून मुटका वळला की मोहन बरोबर झालं. दुधात घट्ट भिजवा, तासभर ओल्या फडक्याखाली झाकून ठेवा आणि मग चांगलं मळून घ्या.

खरी काळजी सारणाची. 2 वाट्या खोवलेल्या नारळात 1 वाटी चिरलेला गूळ घालून मंद आचेवर परता. सारण कढईची कड सोडून गोळा होऊ लागलं की लगेच उतरवा आणि वेलची-जायफळ घाला. ओलं राहिलं तर तळताना वाफ धरून करंजी फुटते, सारण तुपात जळतं आणि सगळं तळण वाया जातं. जास्त परतलं तर गूळ चिक्कीसारखा कडक होतो. गार झाल्याशिवाय भरू नका.

पारी पातळ लाटा. कडेला दुधाचं बोट फिरवा, आतली हवा काढत कडा दाबा आणि मुरड घाला. मुरड जमत नसेल तर कातण आहेच. भरलेल्या करंज्या फडक्याखाली झाकून ठेवा, नाहीतर सुकून कडा उकलतात. मध्यम तापलेल्या तुपात सोडा, आच मंद ठेवा, झाऱ्याने वर तूप उडवत राहा. आच वाढवली तर वरून रंग येतो, पण आतली पारी कच्ची राहते.

एक कळकळीची विनंती. हे काम घरातल्या एकाच बाईवर टाकू नका. नारळ कुणीही खवू शकतं, लाटायला दुसरं कुणी बसावं, कडा मुलांनी दाबाव्यात. पहिल्या दोन-चार वाकड्या होतील, एखादी फुटेल, तरी करणं सोडू नका. मुरड हातानेच शिकायची असते, आणि ती शिकवणारं माणूस घरात आहे तोवर शिकून घ्या.