पुन्हा लग्न केले, म्हणून पेन्शन बंद

दर नोव्हेंबरात बँकेत हयातीच्या दाखल्यांची रांग लागते. इचलकरंजीच्या शाखेत निवृत्त होईपर्यंत ते काउंटर माझ्याकडे होते. कामगार स्वतः पेन्शनर असला, तर त्याला एकच गोष्ट सिद्ध करायची असते, की आपण जिवंत आहोत. त्याच्या विधवेला आणखी एक लिहून द्यावे लागते: मी पुनर्विवाह केलेला नाही. आता मोबाइलवर ‘जीवन प्रमाण’ काढतानाही तो प्रश्न येतोच.

सूतगिरणीतल्या एका कामगाराची तरुण विधवा एकदा फॉर्म हातात धरून माझ्याशी हळू आवाजात बोलली, “ताई, घरचे म्हणत्यात दुसरं कर. पर ह्यात खरं लिवलं तर पेन्शन जातीय न्हवं?” जाते. ‘कर्मचारी पेन्शन योजना १९९५’नुसार पुनर्विवाहाच्या दिवसापासून विधवेची पेन्शन थांबते. हीच अट विधुरालाही आहे, पण माझ्या काउंटरवर त्या प्रश्नाने गोंधळलेल्या दिसायच्या त्या बायकाच.

ही अट काढून टाकली पाहिजे, असे माझे ठाम मत आहे.

नवरा गेल्यावर अशा बाईला तीन ठिकाणांहून पैसे मिळतात. भविष्य निर्वाह निधीची शिल्लक, त्या निधीच्याच कार्यालयाकडून ‘ईडीएलआय’ या कामगार विमा योजनेची रक्कम (आज कमाल ७ लाख रुपये) आणि महिन्याची पेन्शन. पहिले दोन हातात पडले की तिचे. तिने नंतर लग्न केले तरी कोणी परत मागत नाही. आयुर्विम्याच्या पैशांचेही तेच. दरमहा येणारी तेवढी पेन्शन मात्र तिच्या कपाळाकडे बघत येते. ती काही सरकारने वाटलेली खैरात नाही. कामगाराच्या वेतनाच्या ८.३३ टक्के रक्कम मालक पेन्शनच्या निधीत भरतो. ती त्याच्या घामाचीच आहे.

यावर उत्तर मिळते, की पेन्शन आधारासाठी असते, नवा नवरा मिळाला की आधार मिळाला. मग तिला नोकरी लागली तर पेन्शन थांबते का? नाही. मुलगा कमावता झाला, माहेरची जमीन वाट्याला आली तर? तरीही नाही. मिळकतीचा प्रश्न योजनेत कुठेच विचारलेला नाही. विचारले जाते ते फक्त लग्नाचे. आणि पेन्शन तरी केवढी? किमान १,००० रुपये, २०१४पासून तेवढीच. तिने लग्न केले की मुलांना २५व्या वर्षापर्यंत ‘अनाथ पेन्शन’ मिळते, किमान ७५० रुपये. आई शेजारी उभी असते आणि कागदावर मूल अनाथ ठरते.

लग्न केले की हक्क संपतो, ही कल्पना आली कुठून? १८५६च्या विधवा पुनर्विवाह कायद्याने लग्नाला मान्यता दिली, पण पहिल्या नवऱ्याच्या मालमत्तेवरचा तिचा हक्क काढून घेतला, जणू ती मेलीच असे समजून. पुढे १९५६च्या वारसा कायद्याने विधवेला वाटणीची पूर्ण मालकी दिली. नंतर लग्न केले तरी ती मालकी जात नाही. १८५६चा कायदाही १९८३ साली रद्द झाला. त्यानंतर १२ वर्षांनी आलेल्या पेन्शन योजनेत मात्र तीच शिक्षा पुन्हा लिहिली गेली. नवऱ्याची शेती ठेवता येते, त्याची पेन्शन नाही, याला काय तर्क आहे?

केंद्र सरकारने आपल्या कर्मचाऱ्यांपुरते दार थोडे उघडले आहे. अपत्य नसलेल्या विधवेला लग्नानंतरही कुटुंब निवृत्तिवेतन चालू राहते, मिळकतीच्या मर्यादेत. गिरणीतल्या, कारखान्यातल्या कामगाराच्या बायकोला तेवढेही नाही.

या अटीचा खरा त्रास पुढे होतो. पेन्शन जाईल म्हणून कित्येक घरांत नोंदणी टाळतात. देवळात हार घालतात, पाट लावतात आणि दाखल्यावर ‘नाही’ लिहितात. काही वर्षांनी दुसराही गेला, की ही बाई कोणत्या कागदाच्या जोरावर हक्क मागणार? कायदेशीर विवाह सिद्ध करा, हाच पहिला प्रश्न येतो. पहिल्याची पेन्शन लपवून घेतलेली, दुसऱ्याची मागता येत नाही, आणि लपवलेले उघड झाले तर वसुलीही तिच्याकडूनच. हजार रुपयांसाठी आपणच तिला या खड्ड्यात ढकलतो.

आमच्या शिरोळ तालुक्यातल्या हेरवाडच्या ग्रामसभेने ४ मे २०२२ रोजी कुंकू पुसणे, बांगड्या फोडणे बंद करण्याचा ठराव केला आणि त्याच महिन्यात राज्य सरकारने सगळ्या ग्रामपंचायतींना तसे आवाहन केले. गाव एवढे पुढे येते, तर दिल्लीतल्या कामगार मंत्रालयाला एक कलम बदलणे जड जाऊ नये. ‘मृत्यू किंवा पुनर्विवाहापर्यंत’ या शब्दांतून ‘किंवा पुनर्विवाह’ काढावे, मुलांचा हिस्सा आहे तसा राहू द्यावा, आणि ज्यांची लग्न केल्यामुळे पेन्शन गेली त्यांना पुन्हा अर्ज करू द्यावा. आपल्या भागातल्या खासदारांनी हे संसदेत विचारावे, कामगार संघटनांनी किमान पेन्शनवाढीच्या मागणीबरोबर हीही मागणी लेखी द्यावी. नोव्हेंबर जवळ आला आहे.