रस्ता मागितला कोणी, मालक झाला कोण?

‘रस्ते मोटारींसाठी असतात, सायकलवाल्यांनी कडेने जावे,’ असे चांगली शिकलेली माणसेही बिनदिक्कत बोलतात. मला हा दावा मान्य नाही. ज्या अमेरिकेला आपण मोटारींचा देश म्हणतो, तिचाच इतिहास पाहा.

१८८० साली न्यूपोर्ट येथे तिथल्या सायकलस्वारांनी ‘लीग ऑफ अमेरिकन व्हीलमेन’ ही संघटना स्थापन केली. पेट्रोलची मोटार तेव्हा बाजारात आलीही नव्हती. गावाबाहेरचा रस्ता म्हणजे उन्हाळ्यात धूळ आणि पावसात चिखल. या लोकांनी नुसती कुरकुर केली नाही. १८९२ मध्ये ‘गुड रोड्स’ हे मासिक काढले, सह्या गोळा केल्या, सरकारच्या मागे लागले. सायकल कारखानदार अल्बर्ट पोप यांनी पैसा पुरवला. त्यात त्यांचा धंदाही होता, हे उघड आहे. पण १८९३ मध्ये केंद्राच्या कृषी खात्यात रस्त्यांसाठी स्वतंत्र कार्यालय उघडले, ते या रेट्यामुळेच.

विरोध होता शेतकऱ्यांचा. शहरी शौकिनांच्या चैनीसाठी आम्ही कर का भरावा, हा त्यांचा सवाल रास्त होता. लीगने त्यांना अडाणी ठरवले नाही. १८९१ मध्ये खास शेतकऱ्यांसाठी पुस्तिका काढून खराब रस्त्यांपायी त्यांचेच किती नुकसान होते, हे समजावले. १८९६ पासून टपाल खेड्यात घरपोच मिळू लागले. त्यासाठी बरा रस्ता हवाच होता. मग तीच मागणी शेतकऱ्यांचीही झाली. मागणी रुंदावली, म्हणून ती जिंकली.

आता दुसरी बाजूही सांगतो. याच लीगने १८९४ मध्ये सभासदत्वाच्या नियमात ‘गोरा’ हा शब्द घातला. रस्ता सर्वांचा, संघटना मात्र गोऱ्यांची! १८९९ मध्ये मेजर टेलर हा काळा सायकलपटू माँट्रियलला जगज्जेता झाला, तरी तो शब्द हलला नाही. हा कलंक औपचारिकपणे पुसायला १९९९ साल उजाडावे लागले. सर्वांच्या नावाने मागायचे आणि आपल्या दारावर पाटी लावायची, याला मी चळवळ म्हणत नाही, मक्तेदारी म्हणतो.

पुढे मोटार आली आणि आयत्या रस्त्यांची मालकीण बनली. १९१६ मध्ये केंद्राने रस्त्यांना अनुदान देण्याचा कायदा केला. ज्यांनी आधी आवाज उठवला, त्यांनाच नंतर रस्त्यात अडथळा ठरवले गेले.

म्हणून माझे म्हणणे साधे आहे. रस्ता करातून होतो आणि कर सगळेच भरतात; काडेपेटी विकत घेणाराही भरतो. तुमच्या वॉर्डात रस्तारुंदीचा आराखडा येईल, तेव्हा सभेत उभे राहून विचारा: यात पायी चालणाऱ्याची जागा कुठे? सायकलवाल्याची कुठे? हातगाडीवाल्याची कुठे? आणि हे विचारायला जाताना त्या तिघांनाही सोबत न्या.