हँडब्रेक आणि अर्जातला एक रकाना



या अंकाचं संपादकीय पोटगीच्या नव्या कलमांवर लिहायचं ठरलं होतं. तो मजकूर पुढच्या अंकात येईल. या वेळी मी मोटारीच्या हँडब्रेकबद्दल लिहिणार आहे. आधीच सांगून ठेवते, नाहीतर आपल्यातल्या काहीजणी म्हणतील, हिला विषय मिळेना झाले वाटतं.

आमच्या गटाची गाडी जुनी आहे. देणगीत मिळालेली, पाच सीटांची, आमच्याकडे येण्याआधी दोन हात फिरलेली. ड्रायव्हर ठेवायला पैसे नाहीत, म्हणून आम्ही तिघी आळीपाळीने चालवतो. रात्री-अपरात्री घराबाहेर काढलेल्या बाईला आणायला, दवाखान्यात, कोर्टात, पोलीस ठाण्यात, सगळीकडे हीच गाडी. वाई-पाचगणीचा पसरणी घाट तिने किती वेळा चढला-उतरला असेल, मोजलेलं नाही.

गेल्या श्रावणात एका तरुण बाईला आणि तिच्या चार वर्षांच्या मुलाला घेऊन मी तक्रार नोंदवायला निघाले. पोलीस ठाण्यासमोर रस्ता उताराचा. मी गाडी उभी केली, हँडब्रेक ओढला. तो पार वरपर्यंत आला, हाताला ताण असा लागलाच नाही. हे गेले दोन महिने होत होतं आणि दोन महिने मी ‘बघू या’ म्हणत होते. त्या दिवशी घाईत गाडी गिअरमध्ये ठेवायलाही विसरले. कागदांची पिशवी काढायला खाली उतरले आणि गाडी माझ्या डोळ्यांसमोर पुढे सरकली. आत मायलेक. तीन-चार हात गेली आणि गटाराच्या कठड्याला चाक टेकून थांबली. कुणाला खरचटलंही नाही. पण ती बाई मुलाला उराशी धरून जी उतरली, ती परत गाडीत बसायला तयार होईना. तक्रार झाल्यावर एसटीने गेली. ज्या बाईला घरात सुरक्षित वाटत नव्हतं तिला मी ‘आमच्यावर विश्वास ठेव’ म्हणून गाडीत बसवलं होतं. त्या विश्वासाचं मी काय केलं, हे मला पुष्कळ दिवस खात राहिलं.

दुसऱ्या दिवशी गाडी गॅरेजला नेली. कोणत्या, ते महत्त्वाचं नाही. तिथल्या गृहस्थांनी लिव्हर एकदा ओढून पाहिली आणि केबल, मागचे दोन्ही शू, मजुरी असा साडेचार हजारांचा आकडा सांगितला. चाक काढलं नाही, खाली वाकून पाहिलं नाही. वर म्हणाले, “मॅडम, साहेबांचा नंबर द्या, त्यांना नीट समजावून सांगतो.” साहेब नाहीत म्हटलं. तर म्हणाले, “मग गाडीचं बघतं कोण?”

मी समाजकार्याची पदव्युत्तर पदवी घेतलेली बाई. कायदा मला कळतो, प्रशासन कळतं, समुपदेशन तर मी शिकवतेसुद्धा. पण त्या माणसाला विचारायला माझ्याकडे एकही प्रश्न नव्हता. केबल म्हणजे काय, शू कशाला म्हणतात, काहीच माहीत नव्हतं. डॉक्टरपुढे, वकिलापुढे, तलाठ्यापुढे आपल्याकडे येणाऱ्या बायका कशा गप्प उभ्या राहतात, ते तिथे उभं राहून मला कळलं.

कार्यालयात हे सगळं मी तावातावाने सांगत होते. मंगळवार होता, आत शिवणवर्ग चालू होता. त्यातली एक बाई मशिनवरून उठून आली. पंचेचाळिशीची, नवरा वारलेला. वारसाहक्काची तिची केस कोर्टात आहे म्हणून नाव देत नाही. आम्ही तिला आक्का म्हणतो. तिने विचारलं, “ताई, वर ओढताना दात किती वाजत्यात?”

मी मोजले नव्हते. आम्ही अंगणात गेलो. तिने दार उघडून लिव्हर ओढली आणि कान देऊन मोजले. बारा. “सहा-सातला धराय पायजे,” ती म्हणाली. मग खाली वाकून मागच्या चाकांकडे नजर टाकली. “केबल चांगली हाय. ताण गेलाय तिचा. हे तर घरी हुतंय.”

आक्काच्या नवऱ्याचं हमरस्त्यावर गॅरेज होतं. लग्नानंतर बावीस वर्षं ती तिथे होती. चहा करायला, डबा द्यायला, असं सगळे समजायचे. ती पाने हातात द्यायची, नट रॉकेलमध्ये धुवायची, नवऱ्याने ओरडून सांगितल्यावर पेडल दाबून धरायची, आणि शेवटची काही वर्षं त्याचे हात कापायला लागल्यावर गिऱ्हाईक नसताना बरंचसं कामही करायची. गिऱ्हाईक आलं की बाजूला व्हायची.

त्या रविवारी तिने आम्हा तिघींना हँडब्रेक आवळायला शिकवला. ते जसं शिकवलं तसं इथे देते, कारण आपल्यापैकी अनेक गटांकडे अशाच जुन्या गाड्या आहेत.

पायाचा ब्रेक तेलाच्या दाबावर चालतो. हँडब्रेक लोखंडी केबलवर. लिव्हर ओढली की केबल ताणली जाते, मागच्या चाकांच्या ड्रममधले दोन अर्धगोल शू पसरतात आणि ड्रमला आतून घट्ट धरतात. सायकलचा ब्रेक आठवा, तसंच. वापराने केबल सैल पडते आणि शूवरचं अस्तर झिजतं, म्हणून लिव्हर दिवसेंदिवस वर वर येते.

आधी सपाट जागा. पुढच्या दोन्ही चाकांना मागून-पुढून दगड किंवा लाकडी गुटके. आमच्या गाडीची पुढची चाकं इंजिनवर चालतात, म्हणून गाडी पहिल्या गिअरमध्ये. मग मागची बाजू जॅकने उचलायची आणि लगेच दोन्हीकडे खाली लोखंडी घोड्या लावायच्या. नुसत्या जॅकवर उभ्या गाडीखाली हातसुद्धा घालायचा नाही. हे तिने तीनदा बजावलं. “जॅक सुटला की माणूस जातंय,” एवढंच म्हणाली. तिने ते पाहिलेलं असावं. आम्ही विचारलं नाही.

लिव्हर पूर्ण खाली करून मागची चाकं हाताने फिरवून बघायची, मोकळी फिरतात ना. मग पायाचा ब्रेक दहा-पंधरा वेळा पूर्ण दाबायचा. पुष्कळ गाड्यांत त्याने शू आणि ड्रममधलं अंतर आपोआप जुळून येतं. काही गाड्यांत मात्र ड्रमच्या मागचं रबरी बूच काढून आतली दातेरी चक्री स्क्रूड्रायव्हरने फिरवावी लागते. आपली कोणत्या जातीची आहे ते पुस्तिकेत पाहावं. आधी शू आणि मगच केबल, या क्रमावर तिचा फार कटाक्ष. शू झिजलेले असताना नुसती केबल ताणत गेलं तर गाडी चार दिवस ब्रेक धरते, पण आतला झिजलेला शू तसाच राहतो.

नंतर लिव्हरभोवतीचं कव्हर काढलं. खाली केबलचं आट्यांचं टोक आणि त्यावर दोन नट, एक आवळायचा आणि दुसरा त्याला अडवून धरणारा. (काही गाड्यांत हे नट खालच्या बाजूला, केबलच्या मध्यावर असतात.) अडवणारा सैल करायचा, दुसरा अर्धा-अर्धा वेढा आवळायचा आणि दर वेळी लिव्हर ओढून दात मोजायचे. लहान गाड्यांत साधारण पाच ते आठ दातांत ब्रेक धरायला हवा. नेमका आकडा पुस्तिकेत असतो. आमचा सातवर आला. मग लिव्हर खाली करून चाकं पुन्हा फिरवली. इथेच नवशिके चुकतात असं ती म्हणाली. जास्त आवळलं की लिव्हर खाली असतानाही शू घासत राहतात, ड्रम तापतो, अस्तर जळतं. चाक मोकळं फिरलं पाहिजे. लिव्हर ओढल्यावर दोन्ही चाकं सारखी अडली पाहिजेत. एकच अडलं तर एका बाजूची केबल गंजून बसलेली असते. शेवटी अडवणारा नट घट्ट केला, गाडी खाली घेतली आणि मागे कुणी नाही असं पाहून थोड्या चढावर नेऊन तपासली. उतरण्याआधी पाय ब्रेकवरच.

एकूण वेळ दीड तास. त्यातला तासभर आम्ही तिघी एकमेकींच्या मध्ये येत होतो.

केबलचे धागे तुटलेले असले, चाकाच्या आतून तेल गळत असलं, किंवा लिव्हरऐवजी बटणाचा ब्रेक असला, तर घरी हात लावू नये. ड्रम उघडलाच तर आतली धूळ फुंकायची नाही. जुन्या अस्तरांत अ‍ॅस्बेस्टॉस असायचं, ते फुप्फुसाला घातक. आणि पावसाळ्यात गाडी आठवडाभर हलणार नसेल तर हँडब्रेक ओढून ठेवू नये, शू ड्रमला चिकटतात. गिअर आणि दगड पुरे.

रविवारी रात्री मी आक्काची फाइल काढली. आमच्याकडे येणाऱ्या प्रत्येक बाईचा एक माहितीअर्ज असतो. तिचा तीन वर्षांपूर्वी मीच भरला होता. शिक्षण : सातवी. व्यवसाय : गृहिणी. कौशल्य : काही नाही. शिफारस : शिवणवर्ग.

अक्षर माझं होतं. मी तिला विचारलं होतं, ‘काही येतं का?’ ती ‘नाही’ म्हणाली होती. नवऱ्याच्या गॅरेजातलं काम आपल्याला ‘येतं’ असं तिला तोवर कुणी म्हटलेलंच नव्हतं, आणि मीही पुढचा प्रश्न विचारला नाही. ती तीन वर्षं आमच्याकडे ब्लाउजच्या बाह्या जोडतेय. बाह्या अजून नीट बसत नाहीत.

हे सगळं मला नवीन नव्हतं, हेच जास्त लागतं. इला भट यांच्या अध्यक्षतेखालच्या आयोगाचा ‘श्रमशक्ती’ अहवाल १९८८ सालचा. बायकांचं न दिसणारं, न मोजलेलं काम हाच त्याचा गाभा. महिला संघटनांनी लावून धरल्यामुळे १९९१च्या जनगणनेत कामाविषयीच्या प्रश्नात शेतावरचं किंवा घरच्या धंद्यातलं बिनपगारी कामही धरावं, असे शब्द घातले गेले. या दोन्ही गोष्टी मी शिबिरांतून सांगत आले आहे. आणि माझ्याच टेबलावर, माझ्याच अर्जात, गॅरेजात बावीस वर्षं राबलेली बाई ‘काही नाही’ झाली. २०२७ची जनगणना जाहीर झाली आहे. प्रगणक दारात येईल तेव्हा प्रश्न कसा विचारला जातो, यावर आपल्या गटांनी लक्ष ठेवायला हवं; पण आधी आपापले अर्ज काढून बघू या.

मोटारीच्या ब्रेकचा इतिहास चाळताना बर्था बेंझ भेटली. जर्मनीतली बाई. लग्नाआधीच तिने हुंड्याचे पैसे कार्ल बेंझच्या धंद्यात घातले. १८८८च्या ऑगस्टमध्ये नवऱ्याला न सांगता दोन मुलांना घेऊन ती त्याने बनवलेल्या गाडीतून मॅनहाइमहून फोर्झहाइमला, आपल्या माहेरी, सुमारे शंभर किलोमीटर गेली. वाटेत इंधनाची नळी तुंबली ती तिने टोपीच्या पिनेने मोकळी केली. उतारांवर लाकडी ब्रेक झिजले, तेव्हा एका चांभाराकडून त्यांवर चामडं ठोकून घेतलं. ब्रेकचं अस्तर असं सुरू झालं. गाडीवर नाव मात्र नवऱ्याचंच.

आमच्या कार्यकारिणीत यावर वाद झाला, तोही सांगते. एक ज्येष्ठ मैत्रीण म्हणाली, “आपण हिंसेविरुद्ध काम करतो की गॅरेज काढतो?” दुसरीचा मुद्दा मला अधिक विचार करायला लावणारा वाटला. बायकांच्या डोक्यावर घर, नोकरी, संघटना आहेच, आता गाडीची दुरुस्तीही त्यांनीच करायची का? पुरुष मोकळेच. याला माझ्याकडे चोख उत्तर नाही. मी एवढंच म्हणाले की प्रत्येकीने पाना हातात घ्यायलाच हवा असं नाही, पण साडेचार हजारांचं काम साडेचार हजारांचं आहे का, हे विचारण्याइतकं प्रत्येकीला माहीत हवं. ती म्हणाली, “मग ते पुरुष कार्यकर्त्यांनाही शिकव. त्यांना तरी कुठे येतं?” हे खरंच. आमच्या दोघा सहकाऱ्यांनाही शू म्हणजे काय ते माहीत नव्हतं. फरक इतकाच की त्यांना कुणी ‘साहेबांचा नंबर द्या’ म्हणत नाही.

आता आक्काच्या केसविषयी. नवरा गेल्यावर दिराने गॅरेजला कुलूप घातलं. १९५६च्या हिंदू उत्तराधिकार कायद्याप्रमाणे विधवा पहिल्या वर्गातली वारस आहे, मुलांच्या आणि सासूच्या बरोबरीने. आमच्या वकीलताईंनी दाव्यात घर लिहिलं, जमीन लिहिली, दागिने लिहिले. मी तो मसुदा वाचून मंजूर केला होता. हँडब्रेकच्या रविवारी हात धुताना आक्का सहज म्हणाली, “पाने कुणी लिवलंच न्हाईत, ताई.”

तिने यादी सांगितली, मी लिहिली. हवेचा कॉम्प्रेसर एक. जॅक तीन. लोखंडी घोड्या सहा. पान्यांचे सेट चार, त्यातल्या एकात चौदा नंबरचा नाही. व्हाइस एक. ग्राइंडर एक. नट-बोल्टांचे डबे, मोजले नाहीत. कोणती वस्तू कुठल्या फळीवर आहे तेही तिने सांगितलं. दावा दुरुस्त करण्याचा अर्ज वकीलताईंनी दाखल केला आहे; पुढची तारीख दिवाळीनंतरची.

माहितीअर्जातला ‘कौशल्य’ हा रकाना आम्ही काढून टाकला आहे. त्याजागी दोन प्रश्न घातलेत : घरच्या धंद्यात, शेतात, दुकानात तुम्ही रोज काय करायचात? तुम्ही नसताना कोणतं काम अडायचं? तुमच्या गटाचा अर्ज कसा आहे, तो पाठवा. पुढच्या अंकात शेजारी शेजारी छापू. वार्षिक शिबिराच्या दुसऱ्या दिवशी सकाळी आक्का हँडब्रेक शिकवणार आहे. तिला मानधन ठरलं आहे, वक्त्यांना देतो तेवढंच. येताना आपल्या गाडीची पुस्तिका आणा, जुनी साडी नेसा. दगड इथे मिळतील.